दारावर पाटी नसलेले इनोकुमा

तेइजो इनोकुमांच्या मुलीचं जमलेलं लग्न मोडायची वेळ आली ती एका टोफूवाल्यामुळे. ओगाता टोफूवाला तसा वाईट माणूस नव्हे, पण त्याच्या जिभेला हाड नाही. विचारलेलं सांगतो आणि न विचारलेलं दुप्पट सांगतो.

झालं असं. तेइजोंची मुलगी नोबुए हिचं कुरिमोतोंच्या तोमोनोरीशी जमलं. दोघं एकाच औषध कंपनीत कामाला, एकमेकांना मनापासून पसंत. पण आमच्याकडे पोरापोरींची पसंती म्हणजे निम्मं काम. मुलाची आई गुपचूप मुलीच्या गल्लीत चक्कर टाकते, दुकानदारांशी गोड बोलते आणि हवं ते काढून घेते. तशा कुरिमोतोबाई आमागासाकीला आल्या. तेइजोंच्या कचेरीखालीच ओगाताचं दुकान. बाईंनी टोफूच्या दोन वड्या घेतल्या आणि सहज विचारल्यासारखं विचारलं, "वरच्या मजल्यावर काय चालतं हो?"

"देव जाणे!" ओगाता म्हणाला. "दाराला पाटी नाही. पडदे बारा महिने ओढलेले. पोरं दुपारी उगवतात, दाढीचे खुंट वाढलेली, डोळे तांबडेलाल. आतून कधी टाळ्या, कधी शिव्या. कुणी विचारलं तर मालक म्हणतो, काही नाही हो, किरकोळ काम. पण माणूस सज्जन बरं का! रोज टोफू नेतो."

झालं! त्या सज्जनपणाला आणि टोफूला कोण विचारतो? कुरिमोतोबाईंनी घरी जाऊन जाहीर केलं, जुगाराचा अड्डा आहे.

तिथं खरं काय चालत होतं ते सांगायची तेइजोंना बंदी होती, मला नाही. तिथं व्हिडिओ गेम बनत. तुमच्या-आमच्या घरी टीव्हीला जोडून खेळतात तेच. वरच्या दोन खोल्यांत बसून तेइजोंच्या माणसांनी बेसबॉल केला, गोल्फ केला, सोंगट्यांचा माजोंग केला, एकट्याने देश हिंडणारा सामुराई केला. लाखो लोक खेळले. पण कॅसेटच्या डब्यावर नाव कुणाचं? ज्यांनी काम दिलं त्या मोठ्या कंपन्यांचं. खेळ आपणच बनवला असं त्या जगाला सांगत, आणि कंत्राटातलं पहिलंच कलम असे, की बनवणाऱ्याने कुठेही, कुणालाही, कधीही सांगायचं नाही. दाराला पाटी नाही ती त्याचमुळे. खेळ संपल्यावर नावं सरकत जातात तिथंसुद्धा आमच्या मंडळींची खरी नावं नसत. कुणी 'वांगं', कुणी 'डुलकी', कुणी 'ओली छत्री'. तेइजोंचं तर टोपणनावही नसे. म्हणायचे, "मला नका घालू रे. मी फक्त टेलिफोन उचलतो."

हा माणूस मुळात लेथवर काम करणारा. तरुणपण उभं राहण्यात गेलं, सकाळपासून संध्याकाळपर्यंत एका जागी उभं. कारखाना बंद पडला तेव्हा कॉफीच्या दुकानांतली खेळाची टेबलं दुरुस्त करायला लागले, आणि दुरुस्त करता करता म्हणाले, आपणच एखादा खेळ करून बघू. त्यातून हे सगळं उभं राहिलं. शब्दाला मात्र पक्के. घरी बायको फुसाएला माहीत होतं तेवढंच, की हे खेळ बनवतात. कुठले, ते तिलाही नाही. नोबुएला लहानपणी सांगून ठेवलेलं, बाबा कॅल्क्युलेटर दुरुस्त करतात. मोठी झाल्यावर तिला खरं कळलं, पण खेळाचं नाव कधी कळलं नाही. घरात तसलं यंत्र आणायचीच बंदी होती.

या गुपितापायी हाल तरी किती! सार्वजनिक न्हाणीघरात गरम पाण्यात बसलं, की ओगाता शेजारी येऊन त्या गोल्फच्या नावाने बोटं मोडायचा. "ज्याने हा बनवला ना, त्याला वाळूत पुरला पाहिजे! चेंडू भोकापाशी जातो आणि मागे फिरतो, हा काय प्रकार आहे?"

"खरंय," तेइजो म्हणायचे, आणि हनुवटीपर्यंत पाण्यात जायचे. आता ओसाकाकडच्या जात्याच बोलघेवड्या माणसाला गप्प बसवणं म्हणजे काय शिक्षा, ती भोगणाऱ्यालाच ठाऊक.

या कामाची एक रीत सांगून ठेवतो. कंत्राटी कामात सवड म्हणून नसते. नवा खेळ आला, की जुन्या खेळातला चालणारा भाग उचलायचा आणि कपडे बदलून नव्यात बसवायचा. एकदा त्या सामुराईच्या वेळी तेइजो पडदा बघत होते. खेळणारा पोरगा चहा प्यायला उठला आणि सामुराई तलवार धरून तसाच ताटकळत राहिला. तेइजोंना ते बघवेना. चित्रं काढणाऱ्या हामुरोबाईंना म्हणाले, "अहो, याला बसवा की कुठेतरी! किती वेळ उभा राहील?"

"बसून काय करू दे?"

"काहीही करू दे. माणूस बसला की काय करतो?"

हामुरोबाईंनी एकदा मालकांकडे नीट बघितलं, हसल्या आणि कामाला लागल्या. पुढे तोच तुकडा कपडे बदलून बेसबॉलात गेला, गोल्फात गेला. तेइजोंनी तो तपासताना शंभरदा पाहिला असेल. चूक नाही ना, एवढंच बघायचे.

तर, लग्न. कुरिमोतोंकडून निरोप आला: रविवारी दोन्ही घरं एकत्र जेवू, आणि नोबुएच्या वडिलांनी आपल्या कामाबद्दल आम्हाला स्पष्ट सांगावं. स्पष्ट!

नोबुए आदल्या दिवशी बापासमोर येऊन बसली. "बाबा, एकदाच सांगा. एक नाव. एकच खेळ."

"नाही सांगता येत ग. शब्द दिलाय. बाहेर फुटलं, तर उद्यापासून काम बंद. वरच्या सगळ्या पोरांची चूल त्यावर आहे."

"आणि माझी?" नोबुएचा आवाज फाटला. "शाळेत सगळ्यांचे वडील काही ना काही होते. माझे बाबा कुठेच नव्हते! पाटीवर नाहीत, कागदावर नाहीत, कुठेच नाहीत. आता सासरी काय सांगू, मला वडील नाहीत म्हणून?"

"नोबुए!" फुसाए ओरडली.  पण पोरगी खोटं थोडीच बोलत होती. 

रविवारी निशिनोमियाच्या एका जुन्या खानावळीत बैठक ठरली. शुभकार्याला साधा चहा चालत नाही म्हणून मिठातलं चेरीचं फूल घातलेलं गरम पाणी आलं. एका बाजूला तोमोनोरी, त्याची आई ताठ बसलेली, आणि वडील. थोरले कुरिमोतो एका आडगावच्या स्टेशनचे स्टेशनमास्तर होते. अर्ध्या मिनिटाचा उशीर म्हणजे पाप मानणारा माणूस. पण मागच्या वर्षी अर्धांगाचा झटका आला, उजवा हात लुळा पडला, बोलणं संथ झालं. मधल्या पोर्सेलीनच्या ताटात शकुनाचा म्हणून अख्खा भाजलेला ताय मासा शेपटी वर करून पडला होता, पण त्याला कुणी हात लावेना.

"इनोकुमासाहेब," कुरिमोतोबाई म्हणाल्या, "आम्ही साधी माणसं. आडवळण जमत नाही. आपण करता काय?"

तेइजोंनी चटईवर दोन्ही हात टेकले. "बाई, सांगता येत नाही. तसा शब्द दिलेला आहे. वाईट काम नाही, एवढंच सांगतो."

"वाईट नाही, तर मग सांगायला काय हरकत?"

"हरकत आहे."

"तुमच्या लेकीपेक्षा मोठी?"

तेइजोंनी मान खाली घातली. नोबुए ओठ चावत बसलेली. तोमोनोरी म्हणाला, "आई, पुरे ना," पण आईने त्याच्याकडे नुसतं बघितलं आणि तो गप्प झाला. तेइजो उठले, "जरा बाहेर जाऊन येतो" म्हणाले आणि निघाले. संपलं, असं त्यांना वाटलं. माझ्या तोंडाने माझ्या पोरीचं वाटोळं झालं, आणि तेही बंद ठेवल्यामुळे.

दारापाशी बूट चढवून अंगणापर्यंत गेले खरे, पण कुठे जायचं हेच सुचेना. शेवटी दाराच्या पायरीवर बसले. बसल्यावर त्यांचा हात आपोआप डाव्या पायाकडे गेला. लेथच्या कारखान्यात बुटात धातूचा कीस जायचा, तेव्हापासूनची ती खोड. बूट काढला. उलटा करून झटकला. आत फुंकर मारली. टाच पायरीवर दोनदा आपटली. आणि बूट मांडीवर ठेवून आभाळाकडे बघत राहिले.

"पुन्हा करा."

तेइजो दचकले. मागे थोरले कुरिमोतो काठी टेकून उभे. तोंड उघडंच राहिलेलं.

"काय करू?"

"ते... बुटाचं. पुन्हा करा."

व्याहीबुवांची लहर म्हणायची आणि काय! तेइजोंनी बूट चढवला, पुन्हा काढला, झटकला, फुंकर मारली, दोनदा आपटला. वर बघायचं राहिलं, तर कुरिमोतो म्हणाले, "आभाळ. आभाळ राहिलं." तेइजोंनी वर बघितलं. कुरिमोतो कसेबसे त्यांच्या शेजारी पायरीवर बसले.

"मी सांगतो," ते एकेक शब्द जुळवत म्हणाले. "तुम्ही बोलू नका. डॉक्टर म्हणाले, बोटांना काम द्या. तोमोनोरीने खेळाचं यंत्र आणलं. सामुराईचा खेळ. बोटं दुखली की मी बटणं खाली ठेवायचो. साहेब, या वर्षभरात मला सगळ्यांनी घाई केली. बायकोने, पोराने, नर्सने. लवकर चला, लवकर बोला. मीच आयुष्यभर लोकांना घाई केली, मग कुणाला नावं ठेवू? पण तो पडद्यावरचा माणूस... मी थांबलो की तोही बसायचा. चपलेतला खडा काढायचा. फुंकर मारायचा. आभाळ बघायचा. जणू म्हणायचा, होऊ दे सावकाश."

तेइजोंच्या हातातला बूट तसाच राहिला.

"मग गोल्फचा आणला. दुसऱ्या कंपनीचा. त्यातही तोच. बेसबॉल, तिसऱ्याच कंपनीचा. तोच! मी घरात सांगितलं, हे तिन्ही एकाच्याच हातचे आहेत. कुणी ऐकेना. म्हणाले, बाबांच्या डोक्यावर परिणाम झालाय." कुरिमोतो हसायला लागले, आणि हसता हसता त्यांचे डोळे भरले. "परिणाम नव्हता ना?"

तेइजो हो म्हणू शकत नव्हते. नाही म्हणवत नव्हतं. त्यांनी नुसता बूट पायात घातला. हामुरोबाई! वर्षं झाली, बाईंनी मालकांचं बिंग फोडून ठेवलं होतं, आणि मालकांनाच पत्ता नव्हता.

"नका बोलू," कुरिमोतो म्हणाले. "हात द्या. उठवा मला."

दोघं आत आले ते एकमेकांच्या आधाराने. कुरिमोतोबाई बघतच राहिल्या. थोरले कुरिमोतो खाली बसले, डाव्या हाताने जेवायच्या काड्या उचलल्या आणि त्या ताय माशाचा पहिला घास तोडला. "सुमि," बायकोला म्हणाले, "चांगला मुहूर्त बघ. वसंतातला."

"म्हणजे? आणि तो जुगाराचा अड्डा?"

"अड्डाच आहे. मी रोज जातो तिथं."

"कुणी सांगितलं तुम्हाला? यांनी?"

"यांनी तोंडसुद्धा उघडलं नाही. तोमोनोरी, तो सामुराईचा खेळ आणि यंत्र नोबुएबरोबर पाठव. आठवडाभर मी बेसबॉल... अरे हो, यंत्रच नाही. चालेल. आठवडाभर बोटं आराम करतील." आणि मग तेइजोंकडे वळून, "पण साहेब, गोल्फचा चेंडू भोकापाशी जाऊन मागे फिरतो, ते बरं नव्हे."

"खरंय," तेइजो म्हणाले, आणि त्यांचा जीव भांड्यात पडला. इतका पडला, की त्यांनी तांबड्या चवळीचा भात तीनदा मागून घेतला, आणि फुसाए टेबलाखालून गुडघा मारत राहिली.

दिवेलागणीला घरी आले. नोबुएने काही न बोलता यंत्र टीव्हीला जोडलं. या घरात पहिल्यांदाच. तेइजो म्हणाले, "मी काही सांगितलेलं नाही हं."

"कोण म्हणतंय सांगितलंत?" नोबुए म्हणाली. सामुराई माळावरून चालत गेला. तिने चार पावलं चालवलं आणि बटणं चटईवर ठेवली.

"बंद पडलं का ग?" फुसाएने विचारलं.

"थांब ना आई."

तिघं गुडघे जुळवून वाट बघत बसले. सामुराईने इकडे बघितलं, तिकडे बघितलं. मग तो एका दगडावर बसला. डाव्या पायातली चप्पल काढली, झटकली, फुंकर मारली, दोनदा आपटली आणि आभाळाकडे बघत राहिला.

"अग्गोबाई!" फुसाएने तोंडावर हात घेतला. "अहो, हे तर तुम्ही! मानसुद्धा तश्शीच वाकडी!" आणि ती जी हसत सुटली, ती थांबेचना. तेइजो लाजून लाल. गोल्फात, बेसबॉलात, लोकांच्या घराघरांत आपण बूट झटकत बसलोय, हे आता कुठे त्यांच्या डोक्यात शिरत होतं.

नोबुए हसली नाही. ती पडद्याजवळ सरकली आणि बराच वेळ बघत राहिली. फुसाएने डोळे पुसले, बटणांकडे हात केला. "चालव की आता पुढे. बघू तरी काय होतं."

नोबुएने आईचा हात धरला. "नको ग," ती म्हणाली. "बसू दे त्यांना जरा."