पुकारा होतो, माणूस नसतो

वकिलीत किस्से जमवावे लागत नाहीत, कोर्टाच्या दारात उभं राहिलं की आपणहून येतात. माझ्याकडे सगळ्यात जास्त साठलेत ते न आलेल्या माणसांचे! शिपाई दारात नाव पुकारतो. अपील करणारा नाही, त्याचा वकीलही नाही, की अपील खारीज. खरं-खोटं न बघता! याचा मला मनस्वी राग येतो. न येण्याचं पटणारं कारण दिलं, तर अपील पुन्हा उघडतं. माझी अर्धी वकिली तीच कारणं देण्यात गेली.

*

सुरुवात नांदेडची. विष्णुपुरीकडच्या दोन भावांचं एकच अपील. थोरल्याला वाटलं धाकटा जाईल, धाकट्याला वाटलं थोरला. अपील गेलं! ते पुन्हा उघडायच्या अर्जावर जजसाहेबांनी विचारलं, "एक फोन नाही करायचा?"

"आमचं बोलणं बंद हाय, साहेब," थोरला म्हणाला.

"मग अपील एकत्र कसं केलंत?"

"ते तिसऱ्या भावाविरुद्ध हाय ना!"

*

पुढे मी लातूरला आलो. तिथे भुसार मालाचे एक व्यापारी होते, आप्पा. गळ्यात इष्टलिंग, आणि सकाळची पूजा अर्धवट सोडायची नाही हा नेम. पुकारा झाला तेव्हा आप्पा पूजेत!

साहेब म्हणाले, "पूजा जरा लवकर सुरू करत जा."

आप्पांनी हात जोडले. "लवकरच बसलो होतो साहेब. पण अपिलासाठी म्हणून जरा जास्त केली!"

*

एक रिटायर्ड हेडमास्तर तर वेळेआधी आले आणि दिवसभर कोर्टात बसले. फक्त चुकीच्या! त्यांचं कोर्ट वरच्या मजल्यावर गेलं होतं. संध्याकाळी मी सांगितलं, "सर, तुमचं अपील खारीज झालं."

ते म्हणाले, "ते आपण उघडू. पण इथल्या त्या घटस्फोटाचं पुढं काय झालं हो?"

*

आणि रुक्मिणबाई. शिरूर अनंतपाळकडच्या. नवरा गेल्यापासून शेतातल्या आखाड्यावर, म्हणजे तिथल्या घरात, एकट्या राहतात. सडकेला यायची त्यांची वाट दिराच्या बांधावरून. दिराने, भाऊरावांनी, ती बंद केली. "तिला ओढ्यातून बारमाही रस्ता आहे," असं सांगून खालच्या कोर्टात ते जिंकले. बाईंनी अपील केलं. सोयाबीन डोक्यावरून वाहिलं, पण तारीख चुकवली नाही.

मग त्यांचे वकील आजारी पडले, आणि नेमक्या त्याच तारखेला बाईही आल्या नाहीत. अपील खारीज!

दुसऱ्या दिवशी, ओढा उतरताच, चिखलाने भरलेल्या लुगड्यात बाई कोर्टात हजर. शिपायाला म्हणाल्या, "कालचं नाव आज पुकार. मी आले हाय."

"मावशी, काल निकाल लागला."

"मला इचारल्याबिगर?"

त्याने त्यांना माझ्याकडे आणलं. मी म्हणालो, "पुन्हा उघडू, पण वेळ लागेल."

"लागू द्या. वाट घेतल्याबिगर मी न्हाई मरत!"

मला बाई तिथेच आवडल्या.

*

आमचा अर्ज सुनावणीला आला. मी सांगितलं, त्या दिवशी ओढ्याला पाणी होतं, बाई येऊच शकत नव्हत्या.

समोरचे वकील उसळले. "निव्वळ हलगर्जीपणा! त्याच शिवारातून माझे अशील वेळेवर आले होते!"

भाऊराव पुढच्या बाकावर ऐटीत बसले होते. साहेबांनी त्यांनाच विचारलं, "तुम्ही आलात. मग या का आल्या नाहीत?"

आपले वकील उठायच्या आत भाऊराव उभे राहिले. एवढा सोपा प्रश्न त्यांना कोर्टात पहिल्यांदाच आला असावा.

"ती कशी यील, साहेब? माझं शेत सडकेला लागून हाय. तिच्या ओढ्याला पावसाळ्यात छातीएवढं पाणी चढतंय. अन् बांधावरची वाट तर म्या काटे टाकून बंद केलीय!"

त्यांच्या वकिलांनी त्यांची बाही ओढली. रुक्मिणबाई पदर सावरून ताठ बसल्या.

साहेबांनी स्टेनोला लिहून घ्यायची खूण केली. "भाऊराव, आत्ता बोललात ते पुन्हा एकदा सांगा. सावकाश."

भाऊरावांनी बाही सोडवून घेतली आणि पुन्हा सांगितलं. या वेळी मोठ्या आवाजात!