बूता गमीतची पाठ

सायमन्स टाउनच्या बंदरात बूता गमीतइतकं दुर्दैवी कोणी नसेल. सगळी गल्ली त्याला बूता, म्हणजे दादा म्हणायची. पर्यटकांना शार्क दाखवणाऱ्या बोटीचं सुकाणू त्याच्याकडे. मी मागे दोर धरून. दोराच्या टोकाला जुन्या गालिच्यातून कापलेला खोटा सील. शार्क त्याच्यावर झेप घेतो, अख्खाच्या अख्खा हवेत जातो, पाहुणे किंचाळतात. आणि बूता? तो पुढे बघत असतो! सुकाणू जरा हललं की दोर ढिला पडतो. मान वळवेपर्यंत उरतो नुसता फेस.

त्यामुळे बिचारा कानांवर जगला. "धप्प! पांढरा आडवा पडला," तो पाठमोराच सांगायचा. माको जातीचा शार्क फार उंच जातो, म्हणून त्याचा आवाज उशिरा येतो. लांब शेपटीवाला पडताना पाण्याला थोबाडीत मारतो. सगळं पाठ, पण पाहिलेलं एकही नाही.

जखमेवर मीठ चोळायला सासू होती. स्नूक मासा साफ करता करता तिनं किनाऱ्यावरच्या घराच्या दारातून, सगळ्या गल्लीबरोबर, एक उडी पाहिली होती, आणि दर ईदला ती जावयाला ऐकवायची, "अरे, मी तर घरबसल्या पाहिला!"

गुडघ्यांनी दगा दिला आणि बूताची शेवटची फेरी आली. मी म्हटलं, "बूता, आज सुकाणू माझं. तू मागे बस आणि डोळे फाडून बघ."

तो बसला. सकाळभर पापणी लवू दिली नाही. एक शार्क येईल तर शपथ! मला रडू यायचं बाकी होतं.

"सोड, राशाद," तो म्हणाला. "बंदरात मीच नेतो."

तो सुकाणूवर गेला, मी सील वर ओढून घेतला. पाहुणे पाठ फिरवून पाकात बुडवलेले गोड कूसिस्टर खात बसले, मी बोटांवरचा पाक चाटत होतो. तेवढ्यात बूता ओरडला, "अरे, अरे, पोट! पांढरं पोट!"

आम्ही वळलो. बोटीच्या पुढे नुसता फेस.

घरी हे ऐकून सासूनं सुरी खाली ठेवली. "तुझ्याशिवाय कोणी पाहिलं?"

"कोणीच नाही."

"मग काय उपयोग?"

"आई, तुझी उडी अख्ख्या गल्लीनं पाहिली," बूता खुर्चीत ऐसपैस पसरला. "माझी शार्कनं फक्त माझ्यासाठी मारली."

त्या ईदला सासूनं स्नूकचा सगळ्यात मोठा तुकडा बूताच्या ताटात वाढला.