चार बरण्यांतली भावंडं

उल्हासनगरच्या आमच्या कॉलेजात प्राणिशास्त्राच्या मुलांना मासे ओळखता येत नसत, बाटल्या मात्र बरोब्बर ओळखता येत. ओढ्यातल्या बोटभर माशांच्या चार जाती प्रयोगशाळेत ठेवलेल्या होत्या, चारही एकाच कुळातल्या. लोणच्याच्या बरणीत रासबोरा, जॅमच्या बाटलीत डॅनिओ, मधाच्या बाटलीत बॅरिलियस आणि झाकण चेपलेल्या बाटलीत पुंटियस. आतलं, मासे टिकवायचं फॉर्मलिन इतकं पिवळं आणि गढूळ झालं होतं की मासा बघायच्या भानगडीत कुणी पडतच नसे. वरच्या वर्गातली मुलं हे ज्ञान खालच्यांना देत आणि वर्षानुवर्षं सगळे पास होत.

मी तेवढी नापास झाले. जॅम आणि मध यांत माझा घोळ झाला. अंबरनाथच्या कारखान्यात सुपरवायझर असलेल्या माझ्या बाबांनी शांतपणे सांगितलं, "या वेळी नापास झालीस तर कॉलेज बंद. पाहुण्यांना बघायला बोलावतो." बाबा बोलले की करत. मला पाहुणे नको होते, डिग्री हवी होती.

पुढच्या वर्षी परीक्षा घ्यायला मुंबईहून नवे परीक्षक यायचे होते, त्यामुळे आमच्या सरांच्या अंगात उत्साह संचारला. उल्हासनगरच्या कॅम्पातल्या घाऊक दुकानातून त्यांनी एकसारख्या चार काचेच्या बरण्या आणल्या, नवं फॉर्मलिन आणलं आणि नाकाला रुमाल बांधून सगळे मासे स्वतःच्या हातांनी त्यांत हलवले. डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं, तरी क्रम चुकू दिला नाही. बरण्यांवर नुसते नंबर चिकटवले.

परीक्षेच्या दिवशी अख्खा वर्ग त्या टेबलावर लोणच्याची बरणी शोधू लागला. कॅम्पात राहणारी माझी सिंधी मैत्रीण कानाशी कुजबुजली, "अगं, अपनी बॉटल किधर गयी?"

मी मात्र पहिल्यांदाच बरण्यांतले मासे बघत होते. मी बदलापूरची, बेलवलीत वाढलेली. नदीचे हे मासे आमच्याकडे तव्यावर असत, त्यामुळे नाकापासून शेपटीपर्यंत गेलेली ती काळी रेघ मला चांगली माहीत होती. आम्ही त्या माशाला दंडवण म्हणतो, पुस्तक रासबोरा म्हणतं. पहिल्या बरणीत दंडवण. दुसऱ्या बरणीत दंडवण. तिसरीत आणि चौथीतही तेच. पुंटियसचा शेपटीजवळचा ठिपका नाही, बॅरिलियसचे उभे पट्टे नाहीत, डॅनिओच्या मिशा नाहीत. चार बरण्यांत सख्खी भावंडं बसली होती.

हे कसं झालं असेल ते लगेच लक्षात आलं. दरवर्षी आमची सहल बारवी धरणाकडे जायची. तिथल्या एकाच डबक्यात ओढणी धरून मासे पकडायचे आणि ज्या बाटलीतले कुजले असतील तिच्यात भरायचे, असा रिवाज होता. बाटलीचं नाव कायम, आतले मासे बदलते.

आता नेहमीच्या क्रमाने चार नावं लिहिली असती तर मी आरामात पास झाले असते. पण माझं डोकं फिरलं होतं. याच माशांनी माझं एक वर्ष खाल्लं होतं. मी चारही ठिकाणी रासबोरा लिहिलं, पहिल्याला कारणं दिली आणि पुढच्या तिघांना "वरीलप्रमाणे". पेपर दिल्यावर मात्र पाहुणे आठवले.

तोंडी परीक्षेला आत गेले तेव्हा परीक्षकांच्या हातात माझाच पेपर होता. शेजारी आमचे सर बसले होते.

"चारही रासबोरा? कशावरून?"

"बघा ना, सर."

त्यांनी भिंग उचललं. एकेक बरणी फिरवून बघितली, मग भिंग सरांकडे दिलं. सरांनी बघितलं, चष्मा पुसला, पुन्हा बघितलं.

"पूर्वी वेगळे होते," सर हळूच म्हणाले.

"हिचं बरोबर धरलं तर अख्खा वर्ग नापास होतो," परीक्षक म्हणाले. "आणि सर, तुम्हीसुद्धा."

सरांचा चेहरा इतका उतरला की मला त्यांची दया आली. मी म्हटलं, "सर, मला पास करा म्हणजे झालं. मासे काही बोलणार नाहीत."

परीक्षक हसले ते पोट धरूनच. मग डोळे पुसत म्हणाले, "तूपण बोलायचं नाहीस. या प्रश्नाचे पूर्ण गुण सगळ्यांना."

मी पास झाले होते. जीव भांड्यात पडला आणि त्याच क्षणी रागही आला, कारण वर्गात खरं उत्तर माझं एकटीचं होतं आणि गुण सगळ्यांना सारखेच.

बाहेर मैत्रिणीने माझा हातच धरला. "मेरा तो एकदम सही गया! दोन नंबरचा कसला रागीट दिसत होता ना? वही डॅनिओ. चार नंबर बेचारा गरीब चेहऱ्याचा, म्हणजे पुंटियस. तुला पण तसंच वाटलं ना?"

बोलायचं नाही, असं ठरलं होतं. "हो," मी म्हणाले, "रागीटच होता."

पण तिचं माझ्याकडे लक्षच नव्हतं. दाराशी उभ्या असलेल्या खालच्या वर्गातल्या मुलींना ती दोन नंबरचा राग नक्की कुठे बघायचा ते समजावत होती, आणि त्या मुली वह्या काढून ते उतरवून घेत होत्या.