मावसाजींची सुनावणी

माझ्या मावसाजींना स्वस्थ बसलेलं पाहिलंय असं सांगणारा माणूस अख्ख्या जबलपुरात मिळायचा नाही. मिळालाच तर तो खोटं बोलतो असं खुशाल समजावं. ते चहा फिरत फिरत पीत, वर्तमानपत्र दारात उभं राहून वाचत आणि ताटात भात पडेपर्यंत अंगणात एक चक्कर मारून येत. मावशी सांगायची की लग्नात अंतरपाट धरला होता तेव्हाही हे बाजूनं डोकावून रस्त्यावर काय चाललंय ते पाहत होते. अशा माणसाच्या नशिबी घमापुरातलं कंट्रोलचं, रेशनचं दुकान आलं, म्हणजे दिवसभर तराजूमागे बसायचं काम. कोणाची म्हैस उधळली, कुठे दोन भाऊ भांडू लागले, की मावसाजी "आलोच" म्हणत आणि दुकानाला कुलूप लावून निघत. भांडण रंगलेलं असलं तर त्यांचं 'आलोच' दुपार ओलांडून जाई.

अशाच एका दुपारी इन्स्पेक्टर येऊन कुलूप पाहून गेला आणि थोड्याच दिवसांत लायसन रद्द झाल्याचा हुकूम आला. दुकान नेहमी बंद असतं, लोकांना माल मिळत नाही, एवढंच त्यात होतं. आधी ना नोटीस, ना खुलाशाची मागणी. मावशी रडत बसली. मावसाजी मात्र गल्लीभर विचारत सुटले, "पण मले विचारलं काहून नाही?" दुकान गेल्याचं दुःख त्या प्रश्नाखाली कुठेतरी दबून गेलं. तो प्रश्न त्यांनी मला रांझीच्या बसमध्ये विचारला, न्हाव्याला अर्धी दाढी झालेली असताना विचारला आणि माझ्या साखरपुड्यात भटजींनाही विचारला. कचेरीतल्या एका ओळखीच्या बाबूनं हळूच सुचवलं की बायकोच्या नावानं नवा अर्ज टाका, काम होऊन जाईल. मावसाजी म्हणाले, आधी मला विचारा, मग नवं-जुनं पाहू. घरात दुसरी मिळकत नव्हती. मावशीनं त्या दिवशी त्यांच्याशी बोलणं टाकलं, आणि तिचं काही चुकलं असं मला वाटत नाही.

त्यांनी वर अपील केलं. सगळा पावसाळा त्यांनी तिथल्या कचेरीच्या व्हरांड्यात येरझारा घालून काढला. शेवटी वरच्या साहेबांनी तो हुकूम रद्द केला आणि खालच्या साहेबांना बजावलं की माणसाचं ऐकून घ्या, मगच काय ते ठरवा.

सुनावणीला मी सोबत होतो. मावसाजींनी लांबलचक भाषण पाठ केलं होतं. पण साहेबांनी तक्रार करणाऱ्यांनाही बोलावलं होतं आणि आधी त्यांनाच विचारलं. मागच्या गल्लीत बिड्या वळणारी एक बाई उठली. खाली पाहत म्हणाली, "बच्ची को गोद में लेके धूप में खड़ी रहती थी, साहब. ताला देखके लौट जाती थी. भैया बुरे नहीं हैं, पर मिलते नहीं."

मग साहेब मावसाजींकडे वळले. "अब आप बोलिए."

मावसाजींनी टोपी काढली, पुन्हा घातली, पुन्हा काढली. भाषण कुठे गेलं कोण जाणे. "सच बोल रही हैं, साहब," ते म्हणाले. "दुकान बंद था. ये धूप में खड़ी रहती हैं, ये मुझे मालूम नहीं था."

साहेबांनी ताकीद दिली, महिनाभर दुकान बंद ठेवायला सांगितलं आणि लायसन कायम केलं. मावसाजींनी घरी येताना पेढे घेतले आणि घरोघरी वाटले. शेजाऱ्यांना वाटलं, निर्दोष सुटले. मावसाजी प्रत्येकाला थांबवून सांगत होते, "शिक्षा झाली ना जी! पण विचारून झाली."

दुकान उघडलं, वेळा पाळल्या जाऊ लागल्या, मावशीही बोलू लागली. त्या बाईनं मात्र मधल्या काळात आपलं कार्ड गोहलपूरच्या दुकानाला जोडून घेतलं होतं. मावसाजी तिला भेटून आले. परत येता का, असं विचारलं तेव्हा ती नम्रपणे म्हणाली की आता तिथंच ठीक आहे. "बरोबर आहे तिचं," असं त्यांनीच मला सांगितलं.

पुढे कितीतरी वर्षं मी पाहत आलो. साखर आली की दुकानापुढे रांग लागे. कडेवर मूल घेतलेली एखादी बाई गल्लीत वळली की मावसाजींचा तराजूवरचा हात थांबायचा. ती जवळ येईपर्यंत ते पाहत राहायचे, आणि मग, कोणी का असेना, तिला सावलीत उभं राहायला सांगायचे.