दहा ओळींत न बसलेला माणूस

आमच्या वाचनालयात राज्यकारभारावरचं पुस्तक मागायला कुणी आलं, की मी आधी भिंतीवरच्या यादीकडे बोट दाखवायचे. यादी मीच केलेली. 'राज्य, कारभार आणि वादविवाद : वाचावीत अशी चोवीस पुस्तकं.' लोकांनी सरकारचं का ऐकावं, कधी ऐकू नये, बहुमत म्हणजे काय आणि जे थोडे उरतात त्यांचं काय करायचं, असले विषय. बहुतेक लोक यादी मान डोलावत वाचायचे आणि शिवणकामाची पुस्तकं कुठे आहेत असं विचारायचे. चोवीसच्या चोवीस वाचलेला माणूस माझ्या एकतीस वर्षांच्या नोकरीत एकच निघाला, आणि तो वाचनालयाचा सभासदसुद्धा नव्हता. तो आमचा बाइंडर होता.

सगळे त्यांना मामा म्हणत, शिपायापासून साहेबापर्यंत, म्हणून मीही म्हणायचे. दुकान वाचनालयामागच्या गल्लीत, दवाखान्याकडे जाणाऱ्या वाटेवर. आत लाकडी दाबयंत्र, कागद कापायची लांब सुरी, खळीचं पातेलं आणि भिंतीला टेकलेली पुठ्ठ्यांची चळत. दोन माणसं आत बसली तर तिसऱ्यानं उंबऱ्यावर उभं राहायचं. ती दोन माणसं ठरलेली असत: मामा आणि शेजारच्या दुकानातला घड्याळजी. तीस वर्षं दोघांनी सकाळचा चहा त्या पुठ्ठ्यांवर बसून घेतला. दोघांचं कशावरच एकमत नव्हतं आणि त्यात दोघांनाही फार सुख वाटत असे.

मामांचं शिक्षण बेताचंच. पण जुनं पुस्तक दुरुस्तीला आलं की शिलाई उसवून त्याचे फर्मे, म्हणजे सोळा सोळा पानांचे जुडगे, सुटे करावे लागतात. मामा ते ओळीनं मांडायचे आणि जो फर्मा हाताला येईल तो वाचायला घ्यायचे. त्यामुळे पुस्तक पहिल्या पानापासून त्यांनी क्वचितच वाचलं. "शेवट आधी वाचला की माणूस सुरुवातीला थापा मारतोय का ते लगेच दिसतं," असं ते म्हणत. मला हे पटायचं नाही. मी शिस्तीची बाई आहे, आणि लोक म्हणतात त्याहून थोडीशी जास्तच.

एकदा मी दोन पातळ पुस्तकं त्यांच्याकडे दिली. एकात ठासून सांगितलेलं, की राज्यकर्त्याच्या हातात भरपूर सत्ता असल्याशिवाय लोकांचं भलं होत नाही. दुसऱ्यात बरोबर त्याच्या उलट. मामांनी दोन्ही एकाच पुठ्ठ्यात बांधून आणली. मी भडकले.

"हे काय केलंत, मामा? ही दोन पुस्तकं एकमेकांचं तोंड पाहत नाहीत."

"उंची सारखी होती, बाई. मला वाटलं एकाच घरची आहेत."

"उसवा आधी."

"उसवतो की. पण बांधताना वाचली मी दोन्ही. पहिलं वाचून वाटलं, खरंय. दुसरं वाचून वाटलं, अरे, हेही खरंय. मग दिवसभर माझी सुई काही नीट चालली नाही. जरा इतरांचीही बिघडू दे ना."

उसवायचं राहून गेलं. वर्षभरात त्या पुस्तकाला जेवढे वाचक मिळाले तेवढे त्या दोघांना आधी मिळून मिळाले नव्हते. त्यातले निम्मे तक्रार करायला यायचे, ही गोष्ट वेगळी. पण तक्रार करण्यासाठी त्यांना नको असलेलं अर्धं वाचावं लागायचं. पुढच्या वर्षी मी यादी नव्यानं लिहिली. चोवीस पुस्तकांच्या बारा जोड्या केल्या, प्रत्येक बाजूशेजारी तिची उलट बाजू. एकटं पुस्तक द्यायचं नाही, न्यायची तर जोडी न्यायची, असा नियमच केला. श्रेय अर्थात माझ्याकडे आलं. मी ते घेतलंही.

मामांचा हात माझ्या माहितीत एकदाच चुकला. कडा छाटताना सुरी तिरकी गेली आणि एका पुस्तकाच्या नऊ पानांवरची शेवटची ओळ उडाली. मला पत्ताही लागला नसता. ते स्वतःच आले, दुसरी प्रत मागून घेतली, माझ्या टेबलाशी बसून नऊ ओळी नऊ चिठ्ठ्यांवर लिहिल्या आणि त्या त्या पानाच्या तळाशी चिकटवल्या. "कापताना वाटतं कोरी कडाच जातेय," ते म्हणाले. "मजकूर गेला तर तो ज्याचा त्याला परत द्यायचा." तेव्हा मी हसले होते. एवढ्याशा गोष्टीचा केवढा बाऊ, असं वाटलं होतं.

मग रस्त्याचं प्रकरण निघालं. दवाखान्यापर्यंत रुग्णांची गाडी जावी म्हणून पालिकेनं गल्ली रुंद करायचं ठरवलं. नकाशात मामांच्या बाजूची सात दुकानं गेली होती. समोरच्या बाजूला पालिकेच्याच बंद गोदामाची लांब भिंत होती, ती मात्र जागच्या जागी. नियमाप्रमाणे जाहीर सुनावणी ठेवली. मी पालिकेची नोकर, त्यातून लघुलेखन शिकलेली, म्हणून बोलणं टिपून घ्यायचं काम माझ्या गळ्यात पडलं.

सभागृहात आधी घड्याळजी बोलला, म्हणजे ओरडला. इतरही तसेच. शेवटी मामा उठले. धुतलेला सदरा, नखांत वाळलेली खळ.

"आधी रस्ता मागणाऱ्यांचं म्हणणं सांगतो," ते म्हणाले, "कारण ते अजून कुणी नीट सांगितलंच नाही. माझ्या बायकोला छातीत दुखायला लागलं तेव्हा गाडी गल्लीच्या तोंडाशीच अडकली. मी आणि या घड्याळजीनं तिला खुर्चीत बसवून उचलून नेलं. पोचलो तेव्हा उशीर झाला होता. गल्ली रुंद असती तर कदाचित ती आज असती. त्यामुळे रस्ता नको असं मला म्हणता येत नाही. कुणालाच म्हणता येऊ नये."

घड्याळजी खुर्ची मागे सारून उठला. ती खुर्ची त्यानंही उचलली होती, आणि तीच गोष्ट भरल्या सभेत आपल्याच विरुद्ध निघेल असं त्याला वाटलं नव्हतं. तो बाहेर पडला. त्याच्यामागोमाग गल्लीतले बाकीचे पाचही गेले. मामा क्षणभर थांबले, पण त्यांनी कुणाला हाक मारली नाही. ते पुढे बोलू लागले तेव्हा समोर फक्त टेबलापलीकडची पालिकेची मंडळी होती आणि कोपऱ्यात मी.

"आता माझं म्हणणं. रस्ता हवा, म्हणजे तो आमच्याच अंगावरून हवा, असं होत नाही. समोरच्या गोदामाला सहा वर्षं कुलूप आहे. ती भिंत आठ फूट मागे घेतली तर गाडी जाते, मी सुतळी लावून मोजलंय. नकाशा काढायच्या आधी आम्हाला कुणी विचारलं नाही. ज्याच्या हातात पेन्सिल होती त्याची भिंत वाचली. तुम्हाला नाही म्हणायचा अधिकार आहे. पण नाही का, ते लिहून द्या. कारण न देता दिलेला निकाल मी पाळीन, पाळावाच लागेल. पण तो मला पटला असं कुणी समजू नये."

लिहिता लिहिता माझे डोळे भरून आले. बारा जोड्यांची यादी वाचून एक माणूस असा उभा राहतो, यासाठी मी नोकरी केली असं वाटलं. बाहेर मी म्हटलं, "मामा, गल्लीतल्यांनी तुमचं पुढचं ऐकलंच नाही. त्यांना सांगा तरी." मामा म्हणाले, "अहवालात येईल की. तुम्ही लिहून घेतलंय ना सगळं?"

दोन दिवसांनी पालिकेतल्या साहेबांचा निरोप आला: अहवाल आवरता घ्या, माणशी दहा ओळी. मी वाचनालयाच्या टेबलावर, पुस्तकं देता घेता, ते काम उरकलं. ओरडणाऱ्यांचं दहा ओळींत सहज बसलं. मामांचं बसेना. पहिला भाग इतका सुरेख होता की त्यातला शब्द हलवायला हात धजेना, आणि तो भाग उतरवेपर्यंत दहा ओळी संपल्या. सगळ्यांचीच हरकत आहे, तेव्हा यांचीही आहे हे कुणालाही कळेल, अशी मी स्वतःची समजूत घातली. दुसऱ्या कुणी हे केलं असतं तर मी त्याला वाचनालयाची पायरी चढू दिली नसती.

अहवाल छापून आला. पस्तीस प्रती. ठरावात वाक्य होतं: 'बाधित दुकानदारांपैकी एकाने स्वतःच रस्त्याची निकड मान्य केली असून अन्य हरकतींत तथ्य आढळत नाही.' गोदामाचा कुठे उल्लेख नव्हता. सातही दुकानं पाडली. गल्लीतले लोक मामांना फितूर म्हणू लागले. घड्याळजीनं आपलं टेबल दुसऱ्या रस्त्यावर एका जिन्याखाली मांडलं आणि मामांचं नाव टाकलं. मामा गावाच्या दुसऱ्या टोकाला मुलीकडे राहायला गेले. त्यांचे हात कापायला लागलेत असं कुणीतरी सांगितलं. मी चार महिने तिकडे फिरकले नाही. कामं होती, असं मी स्वतःला सांगत होते. खरं म्हणजे मला तोंड दाखवायची लाज वाटत होती.

शेवटी एका सुट्टीच्या सकाळी माझी जुनी वही काढली, सगळं भाषण टाईप केलं आणि गेले. मुलीनं दार उघडलं. माझ्या हातातले कागद बघून म्हणाली, "पुस्तकं आणली नाहीत ना? तुमच्या त्या यादीनंच आमचं दुकान खाल्लं." तिचं चुकत होतं असं मला तेव्हा वाटलं नाही.

मामा खिडकीशी बसले होते. हात मांडीवर एकमेकांत धरून ठेवलेले.

"मामा, ते दहा ओळींचं मी केलं. साहेबांनी नाही."

"माहीत आहे," मामा म्हणाले. "साहेबाला एवढं नीट कापता येत नाही."

मला रडू फुटलं. ते संपेपर्यंत त्यांनी वाट पाहिली. मग मी म्हटलं, "मी दुरुस्त करते. ते पान काढते आणि नवं लावते. त्यात फक्त गोदामाचं, तुमचं म्हणणं असेल. ते पहिलं नकोच. त्यानंच सगळा घात केला."

"पहिलंही माझंच म्हणणं आहे, बाई." त्यांचा आवाज चढला नाही, पण मला गप्प बसावं लागलं. "ती खुर्ची खरी आहे. ती काढलीत तर मी पुन्हा अर्धाच राहीन, दुसऱ्या बाजूनं. पान काढायचं नाही. चिठ्ठी लावा."

मुलीनं खळ करून आणली. मी वाचनालयाची प्रत पिशवीत घेऊन गेले होते. टाईप केलेल्या भाषणातला गोदामाचा भाग कापून पहिली चिठ्ठी केली, ती मामांनी लावली. हात इतके कापत होते की मुलगी कागदाचं दुसरं टोक धरून बसली. चिठ्ठी पानाच्या तळाशी आल्यावर त्यांनी हाडाची पट्टी तिच्यावरून दोनदा फिरवली आणि ती सरळ बसली आहे का ते बोटानं पाहिलं. अहवालात त्यांच्या दहा ओळींखाली आता आणखी अकरा ओळी होत्या.

दुकान एवढ्यानं परत येणार नव्हतं, हे तिथे तिघांनाही ठाऊक होतं. तरी उरलेल्या चौतीस चिठ्ठ्या मी लावल्या. पालिकेतल्या प्रती दप्तरातून एकेक मागून घेतल्या, परवानगी न विचारता. पंधरा दिवसांत मला मेमो आला: सरकारी कागदात फेरफार का केला, थोडक्यात खुलासा करावा. मी अडीच पानं खुलासा लिहिला आणि खाली कळवलं की यातली एकही ओळ गाळू नये. वेतनवाढ अडकली ती निवृत्त होईपर्यंत अडकलेलीच राहिली.

गल्लीतल्या सातांना एकेक प्रत मिळाली होती. मामांची आणि बाकी पाच जणांची मी घरी जाऊन केली. घड्याळजीकडे मात्र मला जायचा धीर होईना. तोच एक दिवस वाचनालयात आला, प्रत टेबलावर आपटली आणि म्हणाला, "सगळ्यांची केलीत म्हणे. माझी काय म्हणून ठेवली?"

मी चिठ्ठी लावली. ओली आहे, जपून धरा म्हटलं. त्यानं डोळ्याला लावायचं भिंग खिशातून काढलं आणि उभ्याउभ्याच वाचायला लागला. एकदा वाचून झाल्यावर पुन्हा वरपासून वाचलं, खुर्चीपासून. रांगेत दोघं जण खोळंबले होते, मी त्यांना थांबायची खूण केली.

"हे तो तिथेच बोलला होता?"

"तिथेच. तुम्ही बाहेर गेल्यावर."

त्यानं भिंग पुसलं, पुन्हा खिशात ठेवलं. बराच वेळ तो भिंतीवरच्या यादीकडे बघत राहिला, पण ती वाचत नव्हता.

"सकाळचा चहा मुलगी देते का त्याला?" त्यानं विचारलं.

"देते. पण घेत नाहीत म्हणाली. एकट्यानं घ्यायची सवय नाही म्हणतात."

घड्याळजीनं टेबलावरचा कोरा कागद ओढून माझ्यापुढे सरकवला. मी त्यावर मुलीच्या घराचा पत्ता लिहिला.