डेअरीच्या फळ्यावरचा दिनविशेष

आमच्या गावच्या दूध डेअरीतला कारकून दुधाआधी फळा बघायचा. आज अमका राजा गादीवर बसला, आजच तमक्या देशात विमान उडालं, असं रोज सकाळी दिनविशेषाच्या पुस्तकात बघून खडूनं लिहायचा. दुष्काळानं म्हशींची हाडं वर आलेली, अन् ह्याला विमानाची काळजी! त्यात तारीख एका दिवसानं जरी चुकली, तरी सगळा फळा पुसून पुन्हा लिहायचा. तोवर आमी चरव्या धरून रांगेत.

बायको जाऊन वर्ष झालं, त्या सकाळी म्या त्याला टोचलंच, "काय हो साहेब, आजच माझी बायको मेली. ते न्हाय वाटतं तुमच्या पुस्तकात?"

तो चष्मा पुसत बसला. "न्हाय, काका."

सांजच्याला दूध घेऊन गेलो, तर राजाच्या खाली लिहिलेलं : 'आजच्याच दिवशी काकूंनी या डेअरीत पहिलं दूध घातलं.'

म्या म्हणलं, "चुकलं की! डेअरी दिवाळीत उघडली, तवाच तिनं पहिलं दूध घातलं. हा उन्हाळा हाय."

"म्हाईत हाय, काका. चरवी द्या."

डस्टर त्याच्या हाताशीच होतं. त्यानं ते उचललं न्हाय, अन् म्या चरवी पुढं केली.