तारेच्या जाळीपलीकडे

कोऱ्या रबराचा वास आला की मला बनारसमधल्या आमच्या कॉलेजचं बास्केटबॉल कोर्ट आठवतं. आंतरमहाविद्यालयीन सामने नेहमी परगावी व्हायचे, त्यामुळे दुर्गाघाटावर भिक्षुकी करणाऱ्या बाबांनी मला खेळताना कधी पाहिलंच नव्हतं. त्या वर्षी यजमानपद आमच्याकडे आलं आणि बाबांनी यायचं कबूल केलं. पण नेमके उपांत्य सामन्याच्या सकाळी शेजारचे आजोबा वारले, आणि बाबा त्यांना पोचवायला मणिकर्णिका घाटावरच्या स्मशानात गेले. मी आशा सोडली. खुर्च्या गच्च भरल्या होत्या, ढोल वाजत होता. मध्यंतरानंतर खेळ पुन्हा सुरू झाला तशी मैत्रीण ओरडली, "अरे देख, तेरे बाबूजी!" तारेच्या जाळीबाहेर, भर उन्हात, धोतर नेसलेले बाबा एकटेच उभे होते आणि चेंडू कुणाच्याही बास्केटमध्ये पडला तरी टाळ्या वाजवत होते. आम्ही थोडक्यात हरलो. मी रडतच जाळीपाशी गेले. "आत का नाही आलात?" "अगं, घाटावरून सरळ आलो. आंघोळ व्हायचीय, लोकांत कसा बसू? हात नको लावूस." तरीही मी जाळीतून बोटं पुढे केली. ते क्षणभर थबकले, मग त्यांनी ती घट्ट धरली. "आता दोघांनाही गंगेत बुडी मारावी लागणार," ते हसून म्हणाले. बालाजी घाटाच्या पायरीवर ओल्या अंगाने बसल्यावर त्यांनी विचारलं, "मला एक सांग, दोन गुण कधी देतात आणि तीन कधी?" आता मी मुलींना खेळ शिकवते. तो नियम पुष्कळांना समजावला, पण इतकं मन लावून पुन्हा कुणी ऐकलं नाही.